चळवळीचे चित्रण आणि त्याची मालकी : ‘आईज ऑन द प्राइझ’ या माहितीपट-मालिकेचा इतिहास

इतिहासाची साधने म्हटली की शिलालेख, ताम्रपट, नाणी, प्रवासवर्णने आणि दफ्तरे आपल्या डोळ्यांसमोर येतात. विसाव्या शतकाने त्यांत आणखी एका साधनाची भर घातली. ते साधन म्हणजे घटना घडत असतानाच घेतलेले चलच्चित्रण. वृत्तपट काढणाऱ्या कंपन्यांनी आणि पुढे दूरचित्रवाणी केंद्रांनी रोजच्या बातमीसाठी घेतलेले, वापर संपल्यावर डब्यांत बंद करून ठेवलेले हे चित्रण वीस-तीस वर्षांनी माहितीपट व चित्रपट करणाऱ्यांच्या उपयोगी पडते. त्या व्यवसायात त्याला ‘आर्काइव्ह फुटेज’ म्हणतात. आम्ही येथे ‘संग्रहित चित्रण’ हा शब्द योजीत आहोत.

शिलालेख आणि संग्रहित चित्रण यांत एक मूलभूत भेद आहे. अशोकाचे लेख उघड्या खडकावर कोरलेले आहेत. १८३७ साली जेम्स प्रिन्सेपने ब्राह्मी लिपी उलगडल्यानंतर ते लेख ज्याला वाचता येतील त्याचे झाले. त्यांचा उतारा द्यावयास कोणाची परवानगी लागत नाही. चित्रणाला मात्र मालक असतो, त्याच्या वापरास मुदत असते आणि त्याच्या प्रत्येक सेकंदाला दाम असतो. एखाद्या दलित, शोषित समाजाच्या लढ्याचे चित्रण ज्यांनी केले ते त्या समाजाचे नसतील, तर पुढे त्या समाजाला स्वतःचाच इतिहास पडद्यावर मांडताना काय सोसावे लागते, हे अमेरिकेतील कृष्णवर्णीयांच्या नागरी हक्क चळवळीवरील ‘आईज ऑन द प्राइझ’ या मालिकेच्या उदाहरणावरून जितके स्पष्ट होते तितके दुसऱ्या कोणत्याही उदाहरणावरून होत नाही. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९४६ साली डब्ल्यू. ई. बी. द्यु बॉइस यांना पत्र लिहून कृष्णवर्णीयांच्या प्रश्नाविषयीची आपली आस्था कळविली होती, आणि १९७२ साली मुंबईत स्थापन झालेल्या दलित पँथरने आपले नावच ब्लॅक पँथरवरून घेतले होते. तेव्हा हा विषय आमच्या वाचकांस परका वाटू नये.

या मालिकेचा कर्ता हेन्री हॅम्प्टन. त्याचा जन्म १९४० साली सेंट लुईस येथे झाला. किशोरवयात पोलिओने त्याचा पाय अधू केला. १९६५ साली सेल्मा येथे रेव्हरंड जेम्स रीब यांचा श्वेतवर्णीयांच्या मारहाणीत मृत्यू झाल्यावर हॅम्प्टन तेथे गेला व मोर्चात चालला. पाय ओढीत चालणाऱ्या या तरुणाच्या मनात तेव्हाच आले की यावर एक चित्रपट व्हावयास हवा. १९६८ साली त्याने बॉस्टन येथे ‘ब्लॅकसाइड’ ही संस्था काढली. पहिला प्रयत्न १९७० च्या दशकाच्या अखेरीस एका व्यापारी प्रसारण कंपनीच्या पैशावर झाला आणि तो फसला. मग सार्वजनिक दूरचित्रवाणी, प्रतिष्ठाने व देणग्या यांच्या आधारावर त्याने पुन्हा काम सुरू केले. १९८७ च्या जानेवारी-फेब्रुवारीत १९५४ ते १९६५ या कालखंडावरील सहा भाग प्रसारित झाले. १९९० मध्ये १९६५ ते १९८५ या काळावरील आणखी आठ भाग आले. एकूण चौदा तासांची ही मालिका आहे. तिचे निवेदन ज्युलियन बाँड यांनी केले. ते स्वतः विद्यार्थ्यांच्या ‘स्निक’ या संघटनेचे संस्थापक-सदस्य होते आणि १९६६ मध्ये जॉर्जिया विधिमंडळाने त्यांना निवडून येऊनही आसन नाकारले होते. त्याच वर्षाच्या अखेरीस सर्वोच्च न्यायालयाने त्यांच्या बाजूने एकमताने निकाल दिला.

हे चित्रण मुळात निर्माण कसे झाले, हे आधी पाहिले पाहिजे. दक्षिणेकडील राज्यांतील वंशभेद शतकभर चालू होता. त्याचे चित्रण मात्र फारच थोडे आहे. १९५० च्या दशकात दूरचित्रवाणी घरोघरी पोहोचली, सोळा मिलिमीटरचे हलके कॅमेरे वार्ताहरांच्या खांद्यावर आले, आणि १९६३ च्या सप्टेंबरात सीबीएस व एनबीसी या वाहिन्यांनी आपल्या सायंकाळच्या बातम्या पंधरा मिनिटांवरून अर्ध्या तासावर नेल्या. चळवळ आणि कॅमेरा यांची गाठ पडली ती अशी. त्याआधीच्या घटनांना छायाचित्रावर भागवावे लागते. मालिकेचा पहिला भाग १९५५ साली मिसिसिपीत मारल्या गेलेल्या चौदा वर्षांच्या एमेट टिल याच्या कथेने सुरू होतो. हत्येचे चित्रण असणे शक्यच नव्हते. त्याच्या आईने, मॅमी टिल यांनी, शवपेटी उघडी ठेवण्याचा आग्रह धरला, विद्रूप झालेल्या त्या मुखाचे छायाचित्र ‘जेट’ या कृष्णवर्णीयांच्या नियतकालिकाने छापले, आणि तेच पुढे इतिहासाचे साधन झाले. खटल्यात मोझ राइट या वृद्ध शेतकऱ्याने भर न्यायालयात उभे राहून आरोपींकडे बोट दाखविले. तो क्षण अर्नेस्ट विदर्स या कृष्णवर्णीय छायाचित्रकाराने टिपला म्हणून आज आपल्याला दिसतो. पंचांनी सुमारे तासाभरात आरोपींना निर्दोष ठरविले.

कॅमेरा आला म्हणजे चित्रण दाखविले जाईलच असेही नव्हते. मिसिसिपीतील जॅक्सन येथील डब्ल्यूएलबीटी या केंद्राने १९५५ साली थरगुड मार्शल पडद्यावर बोलू लागताच प्रसारण तोडून तांत्रिक बिघाडाची पाटी लावली. बिघाड कसला होता हे शहरातील प्रत्येक कृष्णवर्णीयाला कळत होते. पुढे १९६३ च्या मे महिन्यात मेडगर एव्हर्स यांना याच केंद्रावर उत्तर देण्यासाठी सतरा मिनिटे मिळाली. तीन आठवड्यांनी, १२ जून रोजी, त्यांची घरासमोर हत्या झाली. युनायटेड चर्च ऑफ ख्राइस्टने १९६४ मध्ये या केंद्राच्या परवान्यास आव्हान दिले. १९६६ साली अपील न्यायालयाने, प्रेक्षकांनाही परवान्याच्या सुनावणीत बाजू मांडण्याचा अधिकार आहे, असा निर्णय दिला आणि १९६९ मध्ये त्या केंद्राचा परवाना रद्द झाला. दूरचित्रवाणीच्या इतिहासातील हा निकाल आपल्याकडे फारसा परिचित नाही. तो असावयास हवा.

जे दाखविले गेले ते जपले गेले, असेही समजू नये. बातमी शिळी झाली की फीत टाकून दिली जाई, कित्येकदा पुसून पुन्हा वापरली जाई. अमेरिकेतील मोठ्या वाहिन्यांच्या सायंकाळच्या बातम्या कोणी नियमाने जपून ठेवीत नाही हे लक्षात आल्यावर नॅशव्हिल येथील व्हँडरबिल्ट विद्यापीठाने ऑगस्ट १९६८ पासून त्या रोज ध्वनिचित्रमुद्रित करावयास आरंभ केला. यावर सीबीएसने १९७३ मध्ये त्या विद्यापीठावर दावा लावला! पुढे १९७६ च्या स्वामित्व कायद्यात ग्रंथालयांना अशी मुद्रणे करण्याची सवलत मिळाली व तो वाद संपला. स्थानिक केंद्रांचे चित्रण तर केवळ कोणाच्या तरी दूरदृष्टीमुळे उरले. अटलांटाच्या डब्ल्यूएसबी केंद्राचा वृत्तचित्रसंग्रह जॉर्जिया विद्यापीठात आहे, तो अशा भाग्यवान संग्रहांपैकी एक होय.

आता सेल्मा. ७ मार्च १९६५, रविवार. मतदानाच्या हक्कासाठी सुमारे सहाशे स्त्री-पुरुष मॉन्टगोमेरीकडे निघाले. एडमंड पेटस पुलाच्या पलीकडे राज्य पोलीस व शेरीफ जिम क्लार्कची घोडेस्वार माणसे उभी होती. पुलाला ज्याचे नाव आहे तो पेटस गुलामगिरीच्या बाजूने लढलेला सेनाधिकारी व क्लू क्लक्स क्लानचा पुढारी होता, हेही ध्यानात असू द्यावे. चित्रणात आपल्याला दोन-दोनच्या रांगेत शांतपणे येणारे लोक दिसतात. पोलीस अधिकाऱ्याचा आवाज ऐकू येतो : पांगण्यास दोन मिनिटे. ती दोन मिनिटे पुरी होण्यापूर्वीच पोलिसांची रांग पुढे सरकते, माणसे एकमेकांवर कोसळतात, अश्रुधुराचा पांढरा लोट सर्व दृश्य गिळतो, आणि मागून बघ्या गोऱ्यांचा जल्लोष ऐकू येतो. जॉन लुईस यांची कवटी फुटली ती याच ठिकाणी. त्या रात्री एबीसी वाहिनीवर ‘जजमेंट ॲट न्यूरेम्बर्ग’ हा चित्रपट चालू होता. नाझींच्या अत्याचारांवरील तो चित्रपट मध्येच थांबवून सेल्माचे चित्रण सुमारे पंधरा मिनिटे दाखविण्यात आले. सुमारे ४ कोटी ८० लाख लोक ते पाहत होते. आठवडाभरानंतर, १५ मार्चला, राष्ट्राध्यक्ष जॉन्सन काँग्रेससमोर उभे राहिले आणि ६ ऑगस्ट रोजी मतदान हक्क कायद्यावर त्यांची सही झाली. एका चित्रणामुळे कायदा झाला असे आम्ही म्हणत नाही. त्यामागे सेल्माच्या लोकांचे अनेक वर्षांचे कष्ट होते. परंतु ते कष्ट न पाहिलेल्या देशाने हे पंधरा मिनिटांचे दृश्य पाहिले, हेही खरे आहे.

इतिहासाच्या अभ्यासकाने येथे एक प्रश्न विचारलाच पाहिजे. कॅमेरा कोठे उभा होता? त्या दिवशी वृत्तछायाचित्रकारांना पोलिसांनी रस्त्याच्या कडेस रोखून धरले होते. म्हणून आपण सारे दृश्य बाजूने, काही अंतरावरून पाहतो. मार खाणाऱ्याच्या जागेवरून पाहत नाही. पुलावरून मागे हटणाऱ्या लोकांचा थेट ब्राऊन चॅपेलपर्यंत पाठलाग झाला. ती हकीकत ज्यांच्या अंगावर वळ उठले त्यांच्या तोंडूनच ऐकावी लागते. याहून मोठी उणीव अशी की कॅमेरा हिंसेकडे धावतो आणि संघटनेच्या संथ कामाकडे पाठ फिरवितो. ऑल्बनी येथे १९६१-६२ मध्ये पोलीसप्रमुख लॉरी प्रिचेटने अहिंसक आंदोलनाचा आधीच अभ्यास केला होता. त्याने चारचौघांत लाठी न चालविता शेकडो लोकांना गुपचूप तुरुंगात टाकले. दाखविण्याजोगे फारसे दृश्य निर्माण झाले नाही आणि देशाचे लक्ष हळूहळू उडाले. उलट बर्मिंगहॅममध्ये मे १९६३ मध्ये ‘बुल’ कॉनरने शाळकरी मुलांवर कुत्रे सोडले, पाण्याचे झोत मारले आणि ते दृश्य जगभर गेले. दडपशाही दोन्ही ठिकाणी होती. संग्रहात शिरली ती मुख्यतः एकच. मॉन्टगोमेरीत डिसेंबर १९५५ मध्ये रोझा पार्क्स यांच्या अटकेनंतर जो ॲन रॉबिन्सन या प्राध्यापिकेने रात्रभर जागून महाविद्यालयाच्या यंत्रावर बसबहिष्काराची हजारो पत्रके काढली. त्या रात्री तेथे कोण कॅमेरा घेऊन येणार होते? स्त्रियांनी केलेल्या कामाचा मोठा भाग असा संग्रहाबाहेर राहिला आहे.

हॅम्प्टनने या उणिवांवर जो उपाय योजला तो आमच्या मते या मालिकेचे खरे वैशिष्ट्य होय. काम सुरू करण्यापूर्वी त्याने आपल्या सहकाऱ्यांसाठी एक शाळाच भरविली. इतिहासकार आणि चळवळीतील कार्यकर्ते येऊन त्यांना शिकवीत. निर्मात्यांच्या जोड्या कृष्णवर्णीय व श्वेतवर्णीय, स्त्री व पुरुष अशा मिश्र लावल्या. पडद्यावर इतिहासतज्ज्ञ येऊन भाष्य करणार नाही. जो तेथे होता तोच बोलेल, मग तो मोर्चात चाललेला असो की मोर्चा अडविणारा. आणि चित्रण वापरावयाचे ते त्याच घटनेचे. एका गावच्या मोर्चाची हकीकत सांगताना दुसऱ्या गावच्या मोर्चाची गर्दी दाखविण्याची जी सवय माहितीपटवाल्यांना असते, ती त्याने निषिद्ध मानली. ही सवय वरवर निरुपद्रवी वाटते, परंतु तिने साधनच भ्रष्ट होते. उद्याचा अभ्यासक त्या दृश्यावर विश्वास ठेवून चुकीचा निष्कर्ष काढतो.

चित्रण पुरावा म्हणून किती मोलाचे ठरते याचे उदाहरण दुसऱ्या भागमालेत आहे. ४ डिसेंबर १९६९ रोजी पहाटे शिकागोत पोलिसांनी छापा घालून ब्लॅक पँथरचे एकवीस वर्षांचे पुढारी फ्रेड हॅम्प्टन यांना बिछान्यातच ठार केले. मार्क क्लार्क हा त्यांचा सहकारीही मारला गेला. आतून तुफान गोळीबार झाला, असे अधिकाऱ्यांचे म्हणणे होते. ‘शिकागो ट्रिब्यून’ने त्यांनी दिलेली छायाचित्रे छापली, पँथरांच्या गोळ्यांची म्हणून दाखविलेली भोके वस्तुतः खिळ्यांची डोकी होती, हे इतर वार्ताहरांनी जागेवर जाऊन सिद्ध केले. शिकागोतीलच एक चित्रपटगट तेव्हा फ्रेड हॅम्प्टनवर चित्रपट करीत होता. त्याने लगेच त्या घरात जाऊन भिंती, दारे आणि रक्ताने भिजलेली गादी चित्रित केली. त्यातून १९७१ चा ‘द मर्डर ऑफ फ्रेड हॅम्प्टन’ हा माहितीपट झाला. संघराज्याच्या चौकशीत पोलिसांच्या ऐंशीहून अधिक गोळ्या आणि आतील बहुधा एक गोळी, असा हिशेब निघाला. १९८२ मध्ये वारसांना व जखमींना साडेअठरा लाख डॉलरची भरपाई देण्यात आली.

अशी ही मालिका शाळा-महाविद्यालयांतून दाखविली जाऊ लागली, आणि १९९० च्या दशकाच्या मध्यापर्यंत ती जवळजवळ दिसेनाशी झाली. कोणी बंदी घातली नव्हती. वापराचे परवाने संपले होते, इतकेच. मालिकेत ऐंशीहून अधिक संग्रहांतील चित्रण, सुमारे पावणेतीनशे छायाचित्रे आणि शंभराहून अधिक गीते आहेत. प्रत्येकाचा मालक वेगळा, प्रत्येकाचा करार वेगळा. परवाना घेताना तो किती वर्षांसाठी, कोणत्या देशांत आणि कोणत्या माध्यमासाठी हे ठरते, आणि हक्क जितके व्यापक तितके दाम अधिक. हॅम्प्टनजवळ पैसे थोडे होते, म्हणून त्याने थोड्या वर्षांचे परवाने घेतले. एकाची मुदत संपली तरी पूर्ण भाग अडतो. नव्या प्रती काढता येईनात, प्रसारण करता येईना. ग्रंथालयांतील ध्वनिचित्रफिती झिजत गेल्या. १९९८ च्या नोव्हेंबरात हॅम्प्टनचे निधन झाले, तेव्हा त्याचे हे मुख्य कार्य विकत मिळत नव्हते.

या प्रकरणात एक लहानसा तपशील वारंवार सांगितला जातो. मालिकेत डॉ. मार्टिन ल्यूथर किंग यांचे सहकारी त्यांच्या वाढदिवशी नेहमीचे ते ‘हॅपी बर्थडे’ गीत म्हणतात असे दृश्य आहे, आणि त्या गीतावर तेव्हा एका संगीत कंपनीचा हक्क होता. त्या एकाच गीताने मालिका अडली, ही समजूत अतिशयोक्त आहे. शेकडो परवान्यांतील तो एक होता. २०१५ साली न्यायालयाने त्या कंपनीचा दावाच फेटाळला. ‘वुई शॅल ओव्हरकम’ या चळवळीच्या गीतावरही १९६० पासून हक्कनोंदणी होती. तीही २०१८ मध्ये तडजोडीने सुटली.

२००५ च्या फेब्रुवारीत स्वामित्वविषयक निर्बंधांविरुद्ध काम करणाऱ्या काही तरुणांनी मालिकेच्या प्रती संगणकावरून उपलब्ध करून गावोगावी जाहीर खेळ करण्याचे आवाहन केले. ब्लॅकसाइडच्या वकिलांनी प्रती वाटण्यास हरकत घेतली. आम्हांस दोन्ही बाजू समजू शकतात : परवाने पुन्हा मिळविण्याची बोलणी चालू असताना हक्कभंगाचा ठपका आला असता तर सारेच बिघडले असते. फोर्ड प्रतिष्ठानाने सहा लाख आणि रिचर्ड गिल्डर या देणगीदाराने अडीच लाख डॉलर दिले. २००६ च्या ऑक्टोबरात पहिले सहा भाग पुन्हा प्रसारित झाले. दुसरी भागमाला २००८ साली आली. ज्या चित्रणात कृष्णवर्णीयांच्या पाठीवर लाठ्या पडताना दिसतात, ते चित्रण पुन्हा दाखविण्यासाठी साडेआठ लाख डॉलर उभे करावे लागले.

चित्राची मालकी एकाची आणि शब्दांची दुसऱ्याची, असाही पेच असतो. २८ ऑगस्ट १९६३ रोजी वॉशिंग्टन येथे डॉ. किंग यांनी केलेले भाषण सीबीएसने स्वतःच्या कॅमेऱ्याने चित्रित केले होते. १९९४ मध्ये त्या वाहिनीने ते आपल्या मालिकेत वापरले, तेव्हा किंग यांच्या वारसांच्या संस्थेने दावा लावला. खालच्या न्यायालयात वाहिनी जिंकली. १९९९ मध्ये अपील न्यायालयाने, लाखो लोकांसमोर भाषण करणे म्हणजे त्याचे कायद्याच्या अर्थाने प्रकाशन नव्हे, असे सांगून तो निकाल फिरविला. पुढच्या वर्षी तडजोड झाली. याचा परिणाम कथापटांवरही झाला. एव्हा ड्युव्हर्ने या दिग्दर्शिकेच्या ‘सेल्मा’ (२०१४) या चित्रपटात किंग यांच्या भाषणांतील मूळ शब्द नाहीत. त्यांचे चित्रपटहक्क आधीच दुसऱ्या कंपनीकडे गेले असल्याने तिने त्या वळणाची भाषणे नव्याने लिहिली. त्याच चित्रपटाच्या अखेरीस मॉन्टगोमेरीकडे निघालेल्या खऱ्या मोर्चाचे संग्रहित चित्रण मात्र आहे. नायक नटाच्या तोंडून नवे शब्द बोलतो, आणि त्याच्यामागे चालणारे सामान्य लोक स्वतःच्या खऱ्या चेहऱ्यांनी येतात. कायद्याने घडविलेला हा योगायोग आम्हांस लक्षणीय वाटतो.

येथे आपल्याकडील एका गोष्टीचे स्मरण होते. ७ डिसेंबर १९५६ रोजी बाबासाहेबांच्या अंत्ययात्रेला लक्षावधींचा समुदाय लोटला होता. ती यात्रा सलग चित्रित करण्याचे काम नामदेवराव व्हटकर या लेखक-कलावंताने कर्ज काढून, पदरमोड करून अंगावर घेतले. आज दादरच्या त्या दिवसाचे जे चालते-बोलते दृश्य आपण पाहतो, त्यामागे त्यांची ही धडपड आहे. चळवळीतील माणसाने स्वतः कॅमेरा मिळविण्याचे असे उदाहरण त्या काळात विरळच.

हॅम्प्टनने मालिकेसाठी घेतलेल्या मुलाखतींपैकी पडद्यावर आला तो भाग लहान होता. तासन्‌तासांच्या मुलाखतींतून दोन-तीन मिनिटे उचलली जात. परंतु त्याने उरलेली फीत टाकून दिली नाही. त्याच्या मृत्यूनंतर हा सर्व संग्रह त्याच्याच जन्मगावी, सेंट लुईसच्या वॉशिंग्टन विद्यापीठात आला. तेथे सोळा मिलिमीटरच्या मूळ फितींचे जतन करण्यात आले आणि मुलाखतींच्या संपूर्ण संहिता संगणकावर वाचकांना खुल्या करण्यात आल्या. संकलकाने कापलेली वाक्ये, प्रश्नकर्त्याचे प्रश्न, उत्तर देताना मध्येच थांबलेल्या जागा, सारे तेथे नोंदलेले आहे, आणि ते वाचावयास परवाना लागत नाही.